नायजेल नील

नायजेल नील (इ.स. १९२२ – २९ ऑक्टोबर, इ.स. २००६) हे ब्रिटिश नट व पटकथालेखक होते. त्यांचे घराणे आयल ऑफ मॅन बेटावरचे. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रामॅटिक आर्ट या संस्थेत अभिनय शिकून त्यांनी स्ट्रॅटफर्डच्या रंगभूमीवर किरकोळ भूमिका केल्या. 'टोमॅटो केन' या कथासंग्रहाला १९५० साली सॉमरसेट मॉम पुरस्कार मिळाल्यानंतर त्यांनी लेखन हाच व्यवसाय पत्करला व १९५१ मध्ये ते बीबीसीत पगारी लेखक म्हणून रुजू झाले.

त्यांची 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' ही सहा भागांची विज्ञानमालिका जुलै-ऑगस्ट १९५३ मध्ये लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून थेट प्रक्षेपित झाली. अंतराळयानातून गेलेल्या तिघांपैकी एकच परततो आणि त्याचे हळूहळू परक्या जीवात रूपांतर होते, असे तिचे कथानक आहे. शेवटचा प्रसंग वेस्टमिन्स्टर ॲबीत घडतो. राणी एलिझाबेथचा राज्याभिषेक याच ॲबीतून प्रेक्षकांनी जूनमध्ये पाहिला होता, त्यामुळे ही योजना विशेष परिणामकारक म्हटली पाहिजे. राक्षस म्हणून पडद्यावर दिसले ते खुद्द नील यांचे हात: झाडपाला चिकटवलेले हातमोजे घालून ते त्यांनी ॲबीच्या छायाचित्राला पाडलेल्या भोकांतून हलवले. ते हातमोजे तयार करण्यात, पुढे त्यांच्या पत्नी झालेल्या बालसाहित्यकार जुडिथ केर यांचा सहभाग होता. हा प्रसंग आज पाहता येत नाही. मालिकेचे पहिले दोनच भाग चित्रित स्वरूपात जतन झाले, उरलेल्या चारांचे ध्वनिचित्रमुद्रण झालेच नाही.

मालिकेवर हॅमर कंपनीने १९५५ मध्ये चित्रपट काढला. चित्रपटाचे हक्क बीबीसीने विकले होते. नोकरीत असल्यामुळे मूळ लेखकाला त्यावर अधिकार नव्हता. ही खंत नील यांनी दीर्घकाळ बाळगली.

जॉर्ज ऑरवेल यांच्या 'नाइन्टीन एटी-फोर' या कादंबरीचे त्यांनी केलेले रूपांतर १२ डिसेंबर १९५४ रोजी सादर झाले. दिग्दर्शक रुडॉल्फ कार्टिये, प्रमुख भूमिकेत पीटर कुशिंग. त्यातील छळाच्या दृश्यांवरून संसदेपर्यंत वाद गेला. तरीही चार दिवसांनी सर्व नटांनी तेच नाटक पुन्हा थेट सादर केले, आणि या दुसऱ्या प्रयोगाचेच मुद्रण उपलब्ध आहे.

नील यांचे 'द रोड' (१९६३) हे दूरचित्रवाणी नाटक नष्ट झाले आहे. 'द स्टोन टेप' (१९७२) मात्र शाबूत आहे. जुन्या वाड्याच्या दगडी भिंतींत पूर्वीच्या घटना मुद्रित होऊन राहतात, ही त्याची मध्यवर्ती कल्पना.