एक चेहरा, अनेक माणसं : मिगेल इन्क्लान यांच्या भूमिका

सिनेमात एखादा माणूस पडद्यावर येतो आणि त्यानं तोंड उघडायच्या आतच आपण ठरवून टाकतो, ‘हा काही बरा नव्हे.’ हा निकाल आपण कशाच्या आधारावर देतो? आज हा प्रश्न आपण मेक्सिकोचे चरित्र अभिनेते मिगेल इन्क्लान यांच्या कामातून तपासू.

मेक्सिकन सिनेमाच्या सुवर्णकाळात इन्क्लान यांच्या वाट्याला नायकपद आलं नाही, बहुधा खलप्रवृत्तीची माणसंच आली. एमिलिओ फर्नांदेस यांच्या ‘मारिया कान्देलारिया’ (१९४३) मध्ये ते दॉन दामियान आहेत. गावचा दुकानदार, नायिकेवर डोळा ठेवणारा, आणि ती तापानं फणफणलेली असताना क्विनाइन अडवून धरणारा. या चित्रपटाला १९४६ साली कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. त्या मानकऱ्यांत चेतन आनंदांचा ‘नीचा नगर’ही होता. पुढे ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’ (१९४८) मध्ये हेच इन्क्लान एका पक्षाघात झालेल्या, मुक्या म्हातारीला मारहाण करतात. प्रेक्षकांनी हा चेहरा दुष्टाचा म्हणून मनात पक्का केला असेल, तर नवल नाही.

आणि इथे गंमत होते. त्याच फर्नांदेसनी ‘सालोन मेहिको’ (१९४९) मध्ये त्यांना लुपे नावाचा पोलीस केलं. नृत्यगृहात राबून धाकट्या बहिणीला चांगल्या शाळेत शिकवणारी मेर्सेदेस ही नायिका. लुपेला तिचं गुपित कळतं. तो त्याचा गैरफायदा घेत नाही, उलट तिला लग्नाची मागणी घालतो. नाक तेच, डोळे तेच. म्हणजे दुष्टपणा चेहऱ्यात नव्हता, तो आपल्या सवयीत होता.

इथवर सोपं आहे. अवघड भाग बुन्युएलच्या ‘लोस ओल्विदादोस’ (१९५०) मध्ये येतो. तिथे इन्क्लान आंधळे दॉन कार्मेलो आहेत, रस्त्यावर वाद्यं वाजवून पोट भरणारे. टवाळ पोरं त्यांना दगड मारतात, त्यांचा ढोल फोडतात. आपला जीव कळवळतो. पण हळूहळू दिसतं, की हा म्हातारा बापानं टाकून दिलेल्या पोराला राबवून घेतो, एका लहान मुलीच्या अंगाशी झोंबतो, आणि पोर्फिरिओ दियासच्या हुकूमशाहीचे गोडवे गातो. मग आपली करुणा अडखळते.

ॲरिस्टॉटल म्हणतो, करुणा वाटते ती वाट्याला आलेलं दुःख ज्याच्या लायकीचं नाही, त्याच्याबद्दल. आता बघा हं, कार्मेलो वाईट आहे हे कळल्यावर ते दगड योग्य ठरतात का? ‘बरं झालं’ असं आपल्या मनात आलं, तर आपणही दगड उचललाच की! आम्हाला वाटतं, इथे ॲरिस्टॉटलच्या पुढे एक पाऊल टाकावं लागतं. मार न खाण्याचा हक्क हे चांगुलपणाचं बक्षीस नव्हे. तो माणूस असण्याबरोबरच येतो, कार्मेलोसारख्याचाही.

इन्क्लान यांनी कार्मेलोला कुठेही गोंडस केलेलं नाही. त्यांनी ती सवलत घेतली असती, तर आपली करुणा फार स्वस्तात सुटली असती. चरित्र अभिनेत्याचं मोठेपण आम्हाला इथे दिसतं.

तेव्हा हे तीन चित्रपट क्रमानं बघा : आधी दामियान, मग लुपे, मग कार्मेलो. आणि प्रत्येक वेळी स्वतःला विचारा, आपण निकाल नेमका कधी दिला?