मोटारीमागून जाणारी शिडाची होडी
वाऱ्याच्या जोराने उलटू नये म्हणून शिडाची होडी रुंद असावी लागते, आणि तिचे वजन पाण्यात खोलवर असावे लागते. ट्रेलरवरून न्यावयाच्या होडीत नेमक्या याच दोन गोष्टी अडतात. अमेरिकेतील फ्रँक बटलर यांनी १९६९ साली आखलेल्या ‘कॅटलिना २२’ या होडीने यावर चांगली तोड काढली. साडेसहा मीटर लांबीच्या या होडीची रुंदी, रस्त्याला मानवेल अशी, सुमारे २.३ मीटर आहे. तिच्या तळाशी अडीचशे किलोग्रॅमचा बिडाचा कणा बिजागरीवर बसविला आहे. तारेने वर ओढला की मांडीभर पाणी पुरते. सोडला की तो दीड मीटर खोल जातो. मात्र खोल समुद्रात तो खिळीने जखडणे अगत्याचे असते. होडी आडवी झाल्यास मोकळा कणा मिटतो आणि तिला सावरणारे वजन ऐन वेळी निकामी ठरते.