हेरवाडचा ठराव आणि शोकाचे मानसशास्त्र

कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यात हेरवाड नावाचे गाव आहे. 4 मे 2022 रोजी तिथल्या ग्रामसभेने एक ठराव मंजूर केला. नवरा वारल्यावर बाईचे कुंकू पुसायचे, बांगड्या फोडायच्या, मंगळसूत्र तोडायचे, पायातली जोडवी काढायची आणि पुढे तिला शुभकार्यापासून दूर ठेवायचे, हे सगळे गावात यापुढे बंद, असा त्याचा आशय होता. मुक्ता पुजारी यांनी ठराव मांडला, सुजाता गुरव यांनी अनुमोदन दिले. सरपंच होते सुरगोंडा पाटील. दोनच दिवसांनी राजर्षी शाहू महाराजांच्या निधनाला शंभर वर्षे पूर्ण होत होती, त्या निमित्ताने हे पाऊल उचलले गेले. त्याच महिन्यात ग्रामविकास विभागाने परिपत्रक काढून राज्यातल्या ग्रामपंचायतींना हेरवाडचे अनुकरण करायला सांगितले. त्यानंतरच्या काळात या ठरावावर पुष्कळ लिहिले गेले, पण ते बहुतेक समाजसुधारणा आणि स्त्रीहक्क या अंगाने. ते योग्यच आहे. तरी या घटनेला आणखी एक अंग आहे आणि त्याकडे फारसे कुणी पाहिलेले नाही. हेरवाडने ज्या प्रथांना हात घातला त्या शोकाच्या प्रथा आहेत. माणूस गेल्यावर मागे राहिलेल्याच्या मनाचे काय होते, ते मन कशाने सावरते आणि कशाने अडकून पडते, याचा शंभराहून अधिक वर्षे अभ्यास झाला आहे. त्या अभ्यासाच्या उजेडात पाहिले तर वैधव्याच्या प्रथा फक्त अन्याय्य ठरत नाहीत. शोकातून सावरण्यासाठी मनाला जे जे लागते, ते सगळे त्या एकेक करून काढून घेतात.

1917 हे वर्ष इथे सहज आठवते. त्या वर्षी फ्रॉइडचा शोक आणि विषण्णता यांची तुलना करणारा निबंध प्रसिद्ध झाला आणि त्याच वर्षी कोल्हापूर संस्थानात शाहू महाराजांनी विधवा पुनर्विवाहाला कायद्याचा आधार दिला. दोन्हींचा एकमेकांशी काही संबंध नव्हता, पण प्रश्न एकाच दिशेचा होता : गेलेल्या माणसानंतर जगणाऱ्याचे आयुष्य पुढे जाऊ शकते का? फ्रॉइडच्या मते गेलेल्या माणसात गुंतलेले मन थोडे थोडे सोडवून घेणे हे शोकाचे काम. पुढे 1944 मध्ये एरिक लिंडमन यांनी बोस्टनमधल्या एका नाइटक्लबच्या भीषण आगीनंतर मागे राहिलेल्यांचा अभ्यास करून तीव्र शोकाची लक्षणे नोंदवली. 1969 मध्ये एलिझाबेथ क्युब्लर-रॉस यांचे पाच अवस्थांचे पुस्तक आले. त्या अवस्था मुळात मरणासन्न रुग्णांशी बोलून मांडलेल्या होत्या, मागे राहिलेल्यांच्या शोकावर त्या नंतर चिकटवल्या गेल्या, आणि आजही आपल्याकडची व्याख्याने त्यांच्यापाशीच थांबतात. अभ्यास मात्र तिथे थांबला नाही. 1996 मध्ये डेनिस क्लास आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवले की बहुतेक माणसे गेलेल्याशी नाते तोडत नाहीत, ते निराळ्या रूपात चालू ठेवतात, आणि त्यात आजारी असे काही नसते. पितृपक्षात पान वाढणाऱ्या समाजाला हे नवे वाटायचे कारण नाही.

माझ्या मते हेरवाडच्या संदर्भात सर्वांत उपयोगी मांडणी 1999 ची आहे. मार्गारेट स्ट्रोब आणि हेंक शुट यांनी सांगितले की शोक करणारा माणूस दोन टोकांमध्ये ये-जा करत राहतो. एका टोकाला हानी असते : रडणे, आठवणी, फोटो, तीच ती शेवटची वेळ मनात घोळणे. दुसऱ्या टोकाला उभारणी असते : बँकेची कामे, शेतीचा व्यवहार, मुलांची शाळा, नवी भूमिका, कधी चक्क हसणे. माणूस सकाळी एका टोकाला असतो, दुपारी दुसऱ्या. ही ये-जा चालू राहिली तर मन सावरते. ती एका बाजूला अडली तर शोक साचतो. आता वैधव्याच्या प्रथा या मांडणीपुढे ठेवून पाहा. कुंकू, बांगड्या, जोडवी काढून घेतली की आरशात पाहावे तेव्हा हानीच दिसते, घरातून बाहेर पडावे तेव्हा प्रत्येक भेटणारा आधी हानी पाहतो. हळदीकुंकवाला बोलावणे नाही, ओटी भरण्याचा मान नाही, स्वतःच्या मुलीच्या लग्नात अक्षता टाकायलाही मागे उभे राहायचे. उभारणीच्या टोकाकडे जाणारी प्रत्येक वाट अशी बंद होते. दुसरीकडे, मंगळसूत्र हा नवऱ्याशी असलेल्या नात्याचा हातात धरता येणारा धागा, तोही तोडला जातो. म्हणजे हानीची खूण अंगावर कायम राहते आणि जपण्यासारखी खूण मात्र काढून घेतली जाते.

2022 साली आणखी एक गोष्ट घडली. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या अकराव्या वर्गीकरणाचा वापर त्या वर्षीच्या जानेवारीपासून सुरू झाला, आणि मार्चमध्ये अमेरिकी मनोविकार संघटनेच्या नियमपुस्तिकेची सुधारित आवृत्ती आली. दोन्हींत ‘दीर्घकाळ लांबलेला शोक’ हा विकार म्हणून नोंदला गेला. पहिल्यात मुदत किमान सहा महिने, दुसऱ्यात प्रौढांसाठी बारा महिने. लक्षणांत काय आहे? आपलाच एक भाग मेला असे वाटणे, लोकांत पुन्हा मिसळता न येणे, पुढचे बेत न सुचणे, जगण्याला अर्थ न उरणे. ही यादी वाचताना चमकायला होते. वैद्यकशास्त्र ज्याला विकार म्हणते ते सारे आपल्या रूढीने बाईचे कर्तव्य म्हणून लिहून ठेवले होते, आणि तेही जन्मभरासाठी. याच निदानात एक अट आहे : शोकाचा काळ आणि तीव्रता त्या समाजाच्या, संस्कृतीच्या रीतीपेक्षा स्पष्टपणे जास्त असावी. अट शहाणपणाची आहे, कारण तिच्यामुळे परक्या समाजाच्या शोकाला उगाच आजार ठरवले जात नाही. पण जिथे आजन्म शोक हीच रीत, तिथे या अटीनुसार कुणी आजारी ठरणारच नाही. अशा ठिकाणी निदान दवाखान्यात होऊ शकत नाही. ते गावाने करायचे असते, आणि हेरवाडच्या ग्रामसभेने ते केले.

यावर एक आक्षेप गंभीरपणे घ्यायला हवा. शोकाला विधी लागतात. ब्रिटिश मानववंशशास्त्रज्ञ जेफ्री गोरर यांनी 1965 मध्ये लिहिले की इंग्लंडमधून शोकाच्या रीती नाहीशा झाल्या आणि माणसे दुःखात एकटी पडली. 2014 मध्ये मायकेल नॉर्टन आणि फ्रान्सेस्का जीनो यांच्या प्रयोगांत दिसले की विधी करणाऱ्याला आयुष्यावर पुन्हा थोडा ताबा आल्यासारखे वाटते आणि त्यामुळे दुःख हलके होते. मग आपले विधी मोडून आपणही इंग्रजांसारखे एकटे पडणार का? उत्तर त्याच प्रयोगात आहे. ताबा येतो तो विधी करणाऱ्याला. रक्षाविसर्जन, दिवस घालणे, घरी बसायला येणारी माणसे, शेजारच्या घरांतून येणारे जेवण, वर्षश्राद्ध : यांत शोक करणारा स्वतः काही करतो किंवा त्याच्यासाठी इतर काही करतात. बांगड्या फोडण्यात बाई काहीच करत नाही. तिच्यावर ते केले जाते, आणि आयुष्यावरचा ताबा सर्वांत कमी असतो नेमक्या त्या तासांत. हेरवाडने पहिल्या प्रकारातल्या एकाही विधीला हात लावला नाही, हे टीकाकारांनी नीट वाचावे. विधी बदलतातही. कोल्हापूर परिसरात रक्षा नदीत न सोडता शेतात मिसळून तिथे झाड लावणारी कुटुंबे आहेत. शोक तिथे कमी झालेला नाही, त्याला फक्त निराळी जागा मिळाली आहे.

इतिहासही हेच सांगतो. 1890 मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने मुंबईतल्या नाभिकांनी विधवांचे केशवपन करणार नाही अशी भूमिका घेतली. तेव्हाही धर्म बुडेल, नवऱ्याची आठवण पुसली जाईल असे म्हणणारे होतेच. केशवपन गेले. त्यामुळे बायकांचे दुःख उथळ झाले असे आज कुणीही म्हणणार नाही. आणि पुरुषांचे काय? त्यांच्या अंगावरून कधीच काही उतरवले गेले नाही. तरी पत्नीवियोग त्यांना सोडत नाही. कॉलिन मरे पार्क्स आणि सहकाऱ्यांनी 1969 मध्ये 55 वर्षांवरच्या 4,486 विधुरांची नोंद तपासली, तेव्हा पहिल्या सहा महिन्यांत त्यांचे मृत्यूचे प्रमाण अपेक्षेपेक्षा 40 टक्क्यांनी जास्त आढळले. दुःख खरे असायला खुणा उतरवाव्या लागत नाहीत, याला याहून स्पष्ट पुरावा कोणता? विधुराच्या पहिल्या वर्षाला जपायला हवे हेही यातून दिसते, आणि आपण त्याबाबतही निष्काळजी आहोत.

कोल्हापूरला या विषयात स्वतःचा एक धडा फार आधी मिळाला होता. शाहू महाराजांचे धाकटे पुत्र राजकुमार शिवाजी यांचे 1918 मध्ये शिकारीतल्या अपघातात निधन झाले. त्यांचे लग्न आदल्याच वर्षी झाले होते, आणि पत्नी इंदुमतीदेवी त्या वेळी अवघ्या अकरा-बारा वर्षांच्या होत्या. राजघराण्याची रीत त्यांना पडद्यामागे बसवणारी होती. महाराज स्वतः पुत्रशोकात होते, तरी विरोध पत्करून त्यांनी सोनतळी इथे सुनेच्या शिक्षणाची सोय केली, सोबतीला इतर मुली ठेवल्या. इंदुमतीदेवींनी पुढे कोल्हापुरात स्त्रीशिक्षणाचे काम केले. उभारणीचे टोक म्हणजे काय हे समजावून सांगायला यापेक्षा चांगले उदाहरण मला ठाऊक नाही, आणि ते मानसशास्त्राने तो शब्द घडवण्याच्या ऐंशी वर्षे आधीचे आहे.

आणखी दोन आक्षेप उरतात. अनेक स्त्रिया स्वतःच कुंकू लावायला नकार देतात, त्यांचे काय? काहीच नाही. ज्या बाईला लावावेसे वाटत नाही तिने लावू नये. कुणी सहा महिन्यांनी लावेल, कुणी कधीच नाही. शोकाचा वेग माणसागणिक वेगळा असतो, हे जॉर्ज बोनानो यांच्या 2002 पासूनच्या अभ्यासांनी दाखवले आहे, आणि लवकर सावरणारे निर्दय नसतात हेही त्यांनीच दाखवले. सक्ती दोन्ही बाजूंनी नको. दुसरा आक्षेप स्त्रीवादी मंडळींचा आहे : मंगळसूत्र ठेवू देणे म्हणजे बाईची किंमत पुन्हा नवऱ्यावरूनच मोजणे. यात तथ्य आहे. सवाष्णीचा मान हीच कल्पना जोवर टिकेल तोवर विधवेला तिच्यात जागा करून देणे अर्धेच काम ठरेल. पण नुकत्याच विधवा झालेल्या बाईच्या गळ्याला हात घालून ती कल्पना मोडता येत नाही. ती मोडायची तर लग्नाच्या मांडवात मोडावी.

ठराव कागदावरच राहतो, ही तक्रार मात्र खरी आहे. त्याला कायद्याची ताकद नाही, मोडणाऱ्याला शिक्षा नाही. सात हजारांहून अधिक गावांनी असे ठराव केल्याचे या मोहिमेचे कार्यकर्ते सांगतात. त्यांतल्या किती गावांत प्रथा खरोखर थांबली हे प्रत्येक मृत्यूच्या वेळी नव्याने ठरते, कारण अंगणात जमलेल्या आठ-दहा वडीलधाऱ्या बायकांपुढे ठरावाची प्रत घेऊन कुणी उभे राहत नाही. म्हणून करमाळ्याच्या महात्मा फुले समाजसेवा मंडळाचे प्रमोद झिंजाडे यांनी या मोहिमेच्या सुरुवातीला जे केले ते मला ठरावाइतकेच महत्त्वाचे वाटते. आपल्या मागे पत्नीवर या प्रथा लादू नयेत, असे त्यांनी जिवंतपणीच स्टॅम्पपेपरवर लिहून दिले. शोकाच्या पहिल्या तासांत बाईला विरोध करण्याचे बळ नसते आणि मुलांनाही नसते, त्यामुळे निर्णय त्याआधीच झालेला असावा लागतो. वाचकांतल्या प्रत्येक विवाहित पुरुषाला एवढीच विनंती आहे : असे चार ओळींचे पत्र लिहा, त्यावर मुलांच्या आणि थोरल्या भावजयीच्या सह्या घ्या आणि ते घरातल्या सर्वांना वाचून दाखवा.