लाज कोणी धरावी?

कळंबच्या किनाऱ्यावरून दक्षिणेस थोडे चालत गेले म्हणजे भुईगाव लागते. त्या गावी १९५६ साली काळ्या पाषाणाचा एक फुटका तुकडा सापडला. त्यावर ब्राह्मी अक्षरे होती, आणि ती वाचली तेव्हा तो अशोकाच्या नवव्या शिलालेखाचा भाग ठरला. त्याच्याही ७४ वर्षे आधी, १८८२ साली, पंडित भगवानलाल इंद्रजी यांस शेजारच्या सोपाऱ्यास आठव्या लेखाचा तुकडा मिळाला होता. त्याच वर्षी लोक ज्याला बुरूड राजाचा कोट म्हणत त्या ढिगाऱ्यात त्यांनी खणले, आणि तो कोट नसून बौद्धांचा स्तूप आहे हे जगास कळले. कार्तिक वद्य एकादशीस निर्मळची यात्रा भरते तेव्हा या टापूतल्या रस्त्यांवर माणसांचा पूर लोटतो. आपण ज्या भूमीवरून चाललो आहो तेथे सव्वादोन हजार वर्षांपूर्वी एका राजाने प्रजेशी लग्नकार्यांविषयी व नोकरचाकरांविषयी चार शब्द बोलून ठेवले होते, ही गोष्ट त्यांपैकी किती जणांस ठाऊक असेल? दोष यात्रेकरूंचा नाही. आमच्या शाळांत अशोक म्हणजे रस्त्याकडेची झाडे व विहिरी एवढेच शिकवितात, आणि त्याने आपल्या गावच्या दगडावर काय लिहिले हे शिकविण्याचे राहून जाते.

हे लेख येथे का कोरले असावेत हे ओळखणे कठीण नाही. शूर्पारक हे त्या काळचे मोठे बंदर. गलबते येत, माल उतरे, देशोदेशीचे व्यापारी उतरत. जेथे माणसांची ये-जा अधिक तेथे राजाज्ञा लावावयाची, ही रीत आजही आहे. सोपाऱ्याचे तुकडे अपुरे आहेत, परंतु गिरनार, कालसी, शाहबाजगढी इत्यादी ठिकाणी याच लेखांच्या प्रती असल्यामुळे त्यांचा आशय समजण्यास अडचण पडत नाही.

आठव्या लेखात राजा आपल्या पूर्वजांविषयी बोलतो. पूर्वीचे राजे विहारयात्रेस निघत. त्यांत मृगया व तसल्याच करमणुकी असत. आपण राज्याभिषेकानंतर दहाव्या वर्षी संबोधीस गेलो आणि तेव्हापासून धर्मयात्रा सुरू झाली, असे तो सांगतो. त्या यात्रेत ब्राह्मण व श्रमण यांची भेट व त्यांस दान, वृद्धांची भेट व त्यांस द्रव्य, आणि गावोगावच्या लोकांची भेट, त्यांस उपदेश व त्यांच्याशी धर्मविषयक विचारपूस होई. यातील शेवटचे कलम आम्हांस सर्वांत महत्त्वाचे वाटते. राजाने फिरावे ते प्रजेस भेटण्यासाठी, ही कल्पना आज लिहिली तरी नवी वाटेल. आमचे लोकप्रतिनिधी दौऱ्यावर निघतात तेव्हा कमानी किती उभारल्या याची मोजदाद होते. वृद्ध किती भेटले याची होत नाही.

नववा लेख घराघरांतला आहे. लोक आजारपणात, मुलामुलींच्या विवाहांत, अपत्यजन्माच्या वेळी, प्रवासास निघताना नाना प्रकारची मंगलकार्ये करतात, आणि त्यांचे फळ अल्प असते, असे तो म्हणतो. मंगलकार्ये करू नका असे मात्र तो म्हणत नाही. तेवढा तो व्यवहारी होता. खरे फळ देणारे मंगल निराळे आहे इतकेच त्याचे सांगणे: दास व नोकर यांच्याशी नीट वागणूक, वडीलधाऱ्यांविषयी आदर, प्राणिमात्राविषयी संयम, ब्राह्मण-श्रमणांस दान. आणि हे पित्याने, पुत्राने, भावाने, धन्याने, मित्राने, कित्येक प्रतींप्रमाणे शेजाऱ्यानेसुद्धा, एकमेकांस सांगावे.

या यादीत नोकराचे नाव पहिले आहे, वडिलांचे नंतर. आमच्या व्यापारी वाचकांनी याचा विचार करावा. मुलीचे लग्न थाटात केले, पंगती उठल्या, गावात नाव झाले, आणि त्याच महिन्यात दुकानातल्या गुमास्त्याचा व हमालाचा पगार तुंबला, असा गृहस्थ आमच्या वाचकांनी पाहिला नसेल असे नाही. कित्येकांस तर तो आरशातच दिसेल. त्यास विचारावे की कर्ज का काढले? उत्तर ठरलेले: चार लोकांत लाज राहिली पाहिजे. परंतु हमालाचे पैसे थकले याची लाज त्यास वाटली काय? हमाल त्या चार लोकांत मोडत नाही, हे त्याचे खरे उत्तर. ते तो बोलून दाखवीत नाही इतकेच. आमच्या समाजातली लाज ही अशी आपल्यापेक्षा वरच्या माणसाकडे तोंड करून उभी असते. खालच्या माणसाकडे तिची पाठ.

आता राजाचा दोषही सांगितला पाहिजे. जुने आहे म्हणून ते निर्दोष मानण्याची आमची रीत नव्हे. त्याने दासांशी नीट वागा म्हटले, दास्य मोडा म्हटले नाही. शिवाय याच नवव्या लेखात एक वाक्य असे आहे की, स्त्रिया विशेषेकरून पुष्कळ, नाना प्रकारची, क्षुद्र व निरर्थक मंगले करतात. घरोघरच्या निरर्थक खर्चाचा ठपका बाईवर ठेवावयाचा, ही युक्ती एवढी जुनी आहे! खर्चाची थैली कोणाच्या हाती होती, मान कोणाचा मिरवत होता, हे राजाने विचारले नाही.

ते विचारणारी निघाली, आणि योगायोग असा की ती १८८२ सालीच निघाली. सोपाऱ्याचा दगड ज्या वर्षी सापडला त्याच वर्षी पुण्यास ताराबाई शिंदे या वऱ्हाडातील बुलढाण्याच्या बाईंचे ‘स्त्रीपुरुषतुलना’ हे लहानसे पुस्तक छापून निघाले. त्यास निमित्त एका खटल्याचे होते. सुरतेस विजयालक्ष्मी नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेस मूल झाले. लोकापवादाच्या भीतीने तिने ते मारले असा तिच्यावर आरोप शाबीत होऊन १८८१ साली तिला फाशीची शिक्षा झाली. पुढे अपिलात फाशीऐवजी काळे पाणी ठरले. या प्रकरणावरून ‘पुणेवैभव’ पत्राने एकंदर स्त्रीजातीच्या नीतीवर तोंडसुख घेतले, तेव्हा ताराबाईंनी लेखणी उचलली. स्त्रियांच्या माथी जे जे दुर्गुण मारले जातात त्यांतला एकेक घेऊन तो पुरुषांत नाही काय, असे त्यांनी विचारले आहे. त्या मुलाचा बाप कोण, हे कोर्टाच्या निकालात नाही आणि पत्रकारांच्या टीकेतही नाही. विधवेस पुन्हा लग्न करू द्यावयाचे नाही, फसविणाऱ्याचे नाव घ्यावयाचे नाही, आणि मग नीती बुडाली म्हणून ओरडावयाचे! फाशी सांगितली ती सरकारी न्यायाधीशाने. पण त्या अर्भकाच्या गळ्यापर्यंत आईचे हात ज्या भयाने नेले ते भय गावाने घडविले होते, आणि गावावर कोणी खटला केला नाही.

ताराबाईंच्या आधी १९ वर्षे जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी याच दुखण्यावर औषध काढले होते. १८६३ साली त्यांनी पुण्यास आपल्या घरी बालहत्याप्रतिबंधक गृह उघडले. विधवांनी गुप्तपणे येऊन बाळंत व्हावे, मूल ठेवावयाचे तर ठेवावे, अशा जाहिराती त्यांनी लावल्या. या लाजेचे खरे कारण कोठे आहे हे ज्याला कळले त्याने उपदेश केला नाही, खोली दिली. पुढे ताराबाईंवर टीका झाली तेव्हा त्यांची बाजू जोतीरावांनीच घेतली. तरीही ताराबाईंचे दुसरे पुस्तक निघाले नाही, आणि पहिले इतके विस्मृतीत गेले की १९७५ साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा छापीपर्यंत पुष्कळ सुशिक्षितांस त्याचे नावही माहीत नव्हते. एक बोलती बाई नव्वदपेक्षा अधिक वर्षे गप्प ठेवणे समाजास जमले. त्यासाठी कायदा लागला नाही, तुरुंग लागला नाही.

पुरुष सुधारकांचे तरी काय झाले? १८९० साली पुण्यास पंचहौद मिशनमध्ये काही मंडळी व्याख्यानास गेली. त्यांच्यापुढे चहा आला. कोणी प्यायले, कोणी नुसता हात लावला. गोपाळराव जोशी यांनी नावांची यादी ‘पुणेवैभवा’त प्रसिद्ध केली आणि प्रकरण शंकराचार्यांपर्यंत गेले. त्या यादीत रानडे होते, टिळक होते. हायकोर्टाचा न्यायाधीश होण्याच्या योग्यतेचा पुरुष एका पेल्यासाठी पुढे प्रायश्चित्त घेतो, ही हकीकत आज वाचताना हसू येते. परंतु ज्यांच्या लेकीबाळींस माहेर बंद होण्याची पाळी आली त्यांस हसू आले नसेल. रानड्यांनी स्वतःच्या मनाविरुद्ध, मित्रमंडळींची अडचण पाहून मान तुकविली. त्यांस कोणी भेकड म्हटले, कोणी शहाणे म्हटले. आमचे मत असे की, बहिष्काराची सुरी नेहमी माणसाच्या स्वतःच्या गळ्याला लागत नाही. ती त्याच्या बहिणीच्या, मुलीच्या, वृद्ध आईच्या गळ्याला लागते, आणि म्हणूनच ती इतकी धारदार असते. आगरकर मात्र वाकले नाहीत. त्यांनी १८८८ साली ‘सुधारक’ काढला आणि जिवंतपणी आपली प्रेतयात्रा निघालेली पाहिली.

हे सर्व जुने झाले असे कोणी म्हणेल. तसे असते तर महाराष्ट्राच्या विधिमंडळास २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध निराळा कायदा करण्याचे कारण पडले नसते. राष्ट्रपतींची संमती मिळून तो २०१७ साली अमलात आला. माणसास वाळीत टाकणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, अशी त्यात तरतूद आहे. कायदा चांगला आहे. परंतु वाळीत टाकणे हे काही दर वेळी पंचांच्या ठरावाने होत नाही. आमंत्रण येत नाही, विहिरीवर कोणी बोलत नाही, दुकानदार उधारी नाकारतो. यावर फिर्याद कशी लिहावी? आणि साक्षीस कोणी यावे? येथे शेजाऱ्यानेच शेजाऱ्यास सांगावयाचे असते. कालसीच्या लेखात शेजाऱ्याचे नाव आहे ते आम्हांस म्हणूनच मोलाचे वाटते.

अशोकाच्या लेखमालेतला तेरावा लेख सोपाऱ्यास सापडलेला नाही. इतर ठिकाणी तो आहे. कलिंगाच्या युद्धात दीड लक्ष माणसे पकडून नेली, एक लक्ष मारली गेली, आणि त्याच्या कितीतरी पट मेली, हे आकडे राजाने स्वतः त्यात सांगितले असून त्याबद्दल आपणांस पश्चात्ताप होतो असे कबूल केले आहे. विजेत्या राजाने आपली लाज दगडावर कोरविल्याचे याहून मोठे उदाहरण आम्हांस माहीत नाही. पण कलिंगातच, धौली व जौगड येथे, जे लेख आहेत त्यांतून अकरावा, बारावा व तेरावा वगळलेले आहेत. त्यांच्या जागी अधिकाऱ्यांस निराळ्या आज्ञा आहेत: कोणास विनाकारण बंदीत टाकू नका, छळू नका, सर्व प्रजा मला मुलांसारखी आहे. आज्ञा उत्तम आहेत. परंतु ज्यांची माणसे मेली त्यांच्या दारात ‘मी चुकलो’ हे वाक्य लिहिलेले नाही. राजकारण म्हणून ते वगळले असेल; जखमेवरची खपली काढू नये असाही हेतू असेल. दूरच्या गिरनारास सांगता आले ते तोसलीच्या माणसास तोंडावर सांगता आले नाही, एवढे मात्र खरे.

भुईगावचा तुकडा आता मुंबईस छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आहे. कळंबहून मुंबईस जाणाऱ्या वाचकांनी व्यापाराच्या कामातून तासभर काढून तो पाहावा, आणि जाताना दुकानातल्या एखाद्या नोकरास बरोबर घ्यावे. त्याच्याविषयीचाच मजकूर त्या लेखात आहे.