सोयाबीनच्या समुद्रातली तणमोराची बेटं

पावसानं जोर धरला की वाशिम जिल्ह्यातल्या कारंजा परिसरातल्या माळांवर गवत गुडघ्याच्या वर जातं. सकाळच्या कोवळ्या उन्हात त्या गवतातून एक काळा पक्षी अचानक माणसाच्या उंचीइतका सरळ वर उसळतो, पंख फडफडवतो आणि पुन्हा गवतात बुडतो. सोबत बेडकासारखा टर्रर्र आवाज. डोक्यामागून वर वळलेले पिसांचे तुरे तेवढ्यात दिसले तर दिसले! हा तणमोराचा नर. मादीच्या नजरेत भरावं म्हणून तो दिवसाला शेकडो उड्या मारतो. माळढोकाच्या कुळातला हा सगळ्यांत लहान पक्षी, वजनाला जेमतेम अर्धा किलो. नाकतोडे, भुंगेरे, सुरवंट हे त्याचं आवडीचं खाणं.

इक्वेडोरच्या किनाऱ्यापासून सुमारे हजार किलोमीटरवर, गालापागोस बेटांवर, असाच किड्यांवर जगणारा एक चिमुकला पक्षी आहे: वार्बलर फिंच. त्या बेटांबाहेर जगात तो कुठंच नाही. तणमोरही आता बेटांवरच जगतो. फिंचच्या बेटांभोवती समुद्र आहे आणि तो निसर्गानं दिलेला आहे. तणमोराच्या माळांभोवती सोयाबीन आहे, ते आपण पेरलं.

वाशिमच्या या माळांनी बरंच पाहिलं. इंग्रजी अमदानीत तणमोर म्हणजे साहेबाच्या बंदुकीचं आवडतं सावज. जिथं उडी तिथं नेम. मादीला दिसण्यासाठीची उडीच नराच्या जिवावर उठली. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं शिकारीला बंदी घातली, पण तोवर दुसरं संकट सुरू झालं होतं.

ते संकट होतं 'पडीक' या शब्दाचं. विदर्भात गावाच्या गायरानाला ई-क्लास जमीन म्हणतात. कुसळी, मारवेल, पवन्या असं गवत तिथं वाढतं, गुरं चरतात, तणमोर अंडी घालतो. सरकारी नजरेला मात्र तिथं झाड दिसत नाही, म्हणून जमीन पडीक! मग कुठं ग्लिरिसिडियाची लागवड, कुठं अतिक्रमण, कुठं चर खोदणं. झाडं लावणं पुण्याचं काम खरं, पण माळावर लावलेलं झाड तणमोराचं घर मोडतं, हे आपल्याला फार उशिरा कळलं. उरलेल्या शिवारात सोयाबीन पसरलं. कारंजा-सोहोळ अभयारण्य २००० साली झालं ते काळविटांसाठी, क्षेत्र १८ चौरस किलोमीटरच्या आसपास. गवताळ माळ वाचवण्याच्या दृष्टीनं तेवढाही तुकडा मोलाचा.

आकडे ऐकून काळजाचा ठोका चुकतो. देशभरातल्या तणमोरांचा अंदाज १९८२ मध्ये ४,३७४ होता, १९८९ मध्ये १,६७२. मधल्या दुष्काळांनी कंबरडं मोडलं होतं. १९९९ पर्यंत संख्या ३,५३० च्या घरात सावरली, तेव्हा हायसं वाटलं. पण २०१७ च्या पाहणीनंतर सातशेहूनही कमी पक्षी उरल्याचा अंदाज आला. २०२१ मध्ये आंतरराष्ट्रीय लाल यादीत तणमोर अतिसंकटग्रस्त ठरला. त्याच्या पुढची पायरी नामशेष होण्याकडेच जाते.

या साऱ्या काळात माळ कोणाला वाचता येत होता? फासेपारध्यांना. गवताची वाट कुठं मोडली, तित्तर कुठं बसला, कोणती हाक कोणाची, हे त्यांना शाळेत न जाता येतं. १८७१ च्या कायद्यानं अनेक जमातींना जन्मानंच गुन्हेगार ठरवलं, त्यात पारधीही भरडले गेले. तो कायदा १९५२ मध्ये गेला, कपाळावरचा शिक्का मात्र गेला नाही. कारंजा (लाड) येथील 'संवेदना' संस्थेच्या कौस्तुभ पांढरीपांडे यांनी याच लोकांना हाताशी धरलं. अकोला-वाशिमच्या माळांवर पारधी कुटुंबं गवत राखू लागली, तणमोराची नोंद ठेवू लागली. ज्या हातांनी फास विणले, तेच हात आता घरटं जपतात. गेल्या दोन दशकांत या भागात तणमोरासाठी झालेलं हे सर्वांत मोलाचं काम.

पण माळाचे तुकडे अपुरे पडतात, म्हणून आता नर मुगाच्या आणि सोयाबीनच्या शेतातही उड्या मारताना दिसतात. मादी जमिनीवरच तीन-चार अंडी घालते आणि सुमारे तीन आठवडे उबवते. म्हणून वाशिमच्या शेतकरी बांधवांना एवढीच विनंती: जुलै ते सप्टेंबरमध्ये शेतात उड्या मारणारा काळा पक्षी दिसला, तर तेवढ्या पट्ट्यात फवारणी आणि डवरणी थोडे दिवस थांबवा, कुत्री दूर ठेवा आणि वनविभागाला कळवा.