लुगड्याचा काठ आणि अंगाची उंची



गोंदियाच्या किंवा आमगावच्या बाजारात एखादी ठेंगणी बाई वीतभर काठाचे लुगडे हौसेने घेते. घरी नेसून पाहते, तर मन खट्टू होते. "मीच बुटकी, मला काही शोभतच नाही," असे म्हणून लुगडे पेटीत ठेवून देते. पैसा अडकतो आणि मनालाही उगीच लागून राहते. खरे पाहता दोष तिच्या अंगाचा नाही, रेषेचा आहे.

आपली नजर रेषेच्या वाटेने चालते. आडवी रुंद पट्टी आली की ती तिथे अडते. पायाशी रुंद काठ आला म्हणजे तेवढी उंची तुटल्यासारखी दिसते. म्हणून ठेंगणीने काठ दोनतीन बोटांचा घ्यावा. पोलके लुगड्याच्या रंगाशी मिळते असावे, म्हणजे कमरेशी अंगाचे दोन तुकडे पडत नाहीत. सहावारी नेसणारीने पदराच्या चुण्या करून तो खांद्यावरून सरळ सोडावा. त्याचीच उभी रेघ होते. उंच, किडकिडीत बाईने याच्या उलट करावे.

आपल्याकडचा करवत काठ पाहा. 1999 पर्यंत गोंदिया ज्या भंडारा जिल्ह्यात होते, तिथल्या मोहाडी-आंधळगावकडे कोष्टी विणकर तो विणत आले. करवतीच्या दातांसारख्या नक्षीमुळे काठाचा रंग अंगाच्या रंगात शिरतो आणि आडवी रेघ तितकी डोळ्यांत भरत नाही.

आता पट्ट्यांविषयी. उभे पट्टे बारीक दाखवतात, आडवे जाड, असे सगळेच सांगतात. पण हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकातच दाखवले, की आडव्या रेघांनी भरलेला चौकोन उलट उंच दिसतो. 2011 साली इंग्लंडातील यॉर्क विद्यापीठाच्या संशोधकांनी स्त्रियांच्या चित्रांवर पट्टे काढून पाहिले; आडव्या पट्ट्यांनी बाई जाड दिसते, हे काही खरे ठरले नाही. गुरुजी, दहा सेंटिमीटरचे दोन चौकोन कापा. एकावर उभ्या, दुसऱ्यावर आडव्या रेघा जवळजवळ मारा आणि मुलांना विचारा, उंच कोणता? उत्तर ऐकल्यावर पट्टीने मोजायला लावा. वर्गातल्या एखाद्या मुलीला तिच्या अंगावरून कोणी चिडवत असेल, तर हा धडा तिच्याही कामी येईल.

रोवणीच्या चिखलात मात्र हे सारे बाजूला ठेवावे. तिथे घाम टिपणारे आणि खोचायला सोपे तेच लुगडे चांगले. सणासुदीचे घेताना मात्र दुकानातच कापड अंगाशी धरा, मैत्रिणीला दहा पावलांवर उभी करा आणि ती काय म्हणते ते ऐकून मगच पैसे मोजा.