विस्तारित नृत्यमिश्रण
विस्तारित नृत्यमिश्रण : नृत्यगृहातील वापरासाठी, मूळ ध्वनिमुद्रणातील ताल, वाद्ये व गायन सुटे करून त्यांची नव्याने मांडणी केलेले गीताचे दीर्घ रूप. ‘एक्स्टेंडेड रीमिक्स’ या नावाने ते परिचित आहे. सिंथेसायझर या इलेक्ट्रॉनीय वाद्यावर आधारलेल्या इंग्लंडमधील सिंथ-पॉप संगीतात १९८१–८४ या काळात त्यास विशेष महत्त्व आले.

या प्रकाराचा उगम मात्र अमेरिकेतील डिस्को संगीतात आहे. १८ सेंमी. व्यासाच्या तबकडीवर तीन-चार मिनिटांचेच गीत नीट मावे. लांबी वाढविली की चर दाटीने कोरावे लागत व आवाज क्षीण होई. न्यूयॉर्कचे ध्वनिमिश्रक टॉम मोल्टन यांनी १९७० नंतरच्या दशकाच्या मध्यास मोठ्या तबकडीवर एकच गीत कोरून घेतले, तेव्हा ऐसपैस चरांमुळे मंद्र ध्वनी व तालाघात अधिक जोरकस उमटतात, असे आढळले. वॉल्टर गिबन्स यांनी मिश्रण केलेले ‘टेन पर्सेंट’ (१९७६) हे ३० सेंमी. तबकडीवर सर्वसामान्य विक्रीस आलेले पहिले एकल गीत मानले जाते.

सिंथ-पॉपला हे तंत्र मानवले, ते तालयंत्रामुळे. वादकाची लय नकळत कमीजास्त होते. यंत्राची होत नाही. त्यामुळे फितीचे दूरदूरचे तुकडे एकत्र जोडले, तरी सांधा सहसा जाणवत नाही. मार्टिन रशंट (१९४८–२०११) यांनी शेफील्डच्या ह्यूमन लीग या वृंदाच्या ‘डेअर’ (१९८१) या संग्रहातील गीतांवरून ‘लव्ह अँड डान्सिंग’ (१९८२) ही मुद्रिका घडविली. गायन बव्हंशी वगळून त्याचे तुटक अवशेष त्यांनी प्रतिध्वनींसह तालावर विखुरले. संगणकीय संपादनाची सोय नसल्याने फीत हातानेच कापावी व जोडावी लागे. येथे ध्वनिमिश्रक हा केवळ तंत्रज्ञ राहत नाही, तो रचनाकार ठरतो. सॉफ्ट सेल या जोडीने ‘टेन्टेड लव्ह’च्या दीर्घ रूपात (१९८१) एका जुन्या गीतातून दुसऱ्या जुन्या गीतात सहज प्रवेश केला, हाही याच कल्पकतेचा नमुना.

सर्वच मिश्रणे या तोडीची नव्हती. पुष्कळांत आरंभी व अखेरीस नुसते ठेके वाढविलेले असत आणि रसिकास तेच गीत पुन्हा विकत घ्यावे लागे. फ्रँकी गोज टू हॉलिवुड या वृंदाच्या ‘टू ट्राइब्ज’ची (१९८४) निरनिराळी मिश्रणे एकामागून एक बाजारात आली, ते नऊ आठवडे ब्रिटिश विक्रीसूचीत अग्रस्थानी राहिले. उलट न्यू ऑर्डरचे ‘ब्लू मंडे’ (१९८३) मुळातच सुमारे साडेसात मिनिटांचे रचले गेले व प्रथम ३० सेंमी. तबकडीवरच निघाले, त्याला लांबविण्याजोगे आखूड मूळ रूप नव्हतेच.